मीरांदा, कार्मेन

(९ फेब्रुवारी १९०९ – ५ ऑगस्ट १९५५). विख्यात ब्राझीलियन गायिका व चित्रपट-अभिनेत्री. संपूर्ण नाव मारिया दो कार्मो मीरांदा दा कून्या. तिच्या कारकीर्दीचे दोन सुस्पष्ट कालखंड पडतात : १९२९ ते १९३९ या काळात ती ब्राझीलमधील सर्वांत लोकप्रिय सांबागायिका होती, तर १९४० नंतर हॉलिवुडच्या संगीतप्रधान चित्रपटांतील तारका म्हणून ती जगभर परिचित झाली. पहिल्या कालखंडातील तिची ख्याती प्रामुख्याने आवाजावर अधिष्ठित होती. दुसऱ्या कालखंडात फळांनी मढविलेले शिरोवेष्टन, उंच तळव्यांची पादत्राणे व अंगभर ल्यालेले रंगीबेरंगी अलंकार हीच तिची ओळख ठरली. हे चित्र ब्राझीलचे यथार्थ दर्शन घडविते की त्याचे विडंबन करते, हा प्रश्न तिच्या हयातीतच उपस्थित झाला आणि त्याची झळ तिला सोसावी लागली. त्यामुळे तिच्या चरित्रास एका कलावतीच्या जीवनापलीकडचे ऐतिहासिक महत्त्व प्राप्त झाले आहे.

बालपण : कार्मेनचा जन्म उत्तर पोर्तुगालमधील मार्को दी कानाव्हेझिश या नगराच्या परिसरातील एका खेड्यात झाला. तिचे वडील न्हाव्याचा व्यवसाय करीत. उपजीविकेसाठी ते १९०९ मध्ये ब्राझीलला गेले आणि पुढील वर्षी आई दोन्ही मुलींसह त्यांच्यामागोमाग रीओ दे जानेरो येथे आली. त्यानंतर कार्मेन पोर्तुगालला कधीच परतली नाही. तथापि तिने आपले पोर्तुगीज नागरिकत्वही सोडले नाही. वडिलांना संगीतिकांची आवड असल्यामुळे बिझेच्या प्रसिद्ध संगीतिकेतील नायिकेवरून तिला घरात ‘कार्मेन’ हे नाव पडले. तिचे शिक्षण जोगिणींच्या शाळेत झाले. थोरली बहीण ओलिंदा हिला क्षयाची बाधा झाल्याने तिला उपचारासाठी पोर्तुगालला पाठविण्यात आले. त्या खर्चाचा भार उचलण्यासाठी कार्मेनने वयाच्या सु. चौदाव्या वर्षी प्रथम गळपट्ट्यांच्या व नंतर स्त्रियांच्या टोप्यांच्या दुकानात नोकरी पत्करली. तेथे तिने टोप्या बनविण्याची कला आत्मसात केली. तिची पुढील काळातील विख्यात शिरोवेष्टने या शिक्षणाचीच फलश्रुती होत. कुटुंबीयांनी याच सुमारास एक खाणावळही चालविली. तिची धाकटी बहीण आउरोरा (१९१५–२००५) हीदेखील पुढे गायिका म्हणून प्रसिद्धीस आली.

सांबागायिका : बाईआ प्रांतातील गीतरचनाकार जोझ्वे दी बारूस याने कार्मेनचे गुण हेरले आणि त्याच्या प्रयत्नाने १९२९ मध्ये तिची पहिली ध्वनिमुद्रिका निघाली. जोबेर दी कार्व्हाल्यू याने रचलेल्या ‘ताई’ या गीताची १९३० मधील ध्वनिमुद्रिका अतिशय गाजली. तिच्या सु. ३५,००० प्रती खपल्या. ब्राझीलमधील तत्कालीन ध्वनिमुद्रिकांच्या बाजारपेठेचा विचार करता हा उच्चांक होता. १९३३ मध्ये रीओच्या ‘मायरिंक व्हेगा’ या नभोवाणी केंद्राने तिच्याशी दोन वर्षांचा करार केला. तत्पूर्वी गायकांना प्रत्येक कार्यक्रमागणिक मानधन देण्याचा प्रघात होता. ठराविक मुदतीच्या करारामुळे नभोवाणीवरील गायनास स्थिर व्यवसायाचे स्वरूप येऊ लागले. याच केंद्रावरील निवेदक सेझार लादेरा याने तिला ‘छोटीशी पण असामान्य’ अशा अर्थाचे जे बिरुद दिले, ते तिच्या नावाशी कायमचे जोडले गेले. तिची उंची केवळ १·५२ मी. च्या आसपास होती.

ब्राझीलमधील वास्तव्यात तिने सु. २८० गीते ध्वनिमुद्रित केली. आरी बार्रोझू, आसिस व्हालेंती, सिंव्हाल सिल्व्हा, दोरिव्हाल काइमी इ. श्रेष्ठ रचनाकारांची गीते तिच्या आवाजातून घरोघरी पोहोचली. यांतील अनेक रचनाकार आफ्रिकी वंशाचे वा मिश्रवंशीय होते. सांबा हा मूलतः गुलामगिरीतून मुक्त झालेल्या कृष्णवर्णीयांच्या वस्त्यांत वाढलेला संगीतप्रकार. विसाव्या शतकाच्या आरंभी प्रतिष्ठित समाज त्याकडे तुच्छतेने पाहत असे आणि पोलिसांचाही त्याला उपद्रव होई. नभोवाणी व ध्वनिमुद्रिका यांच्या प्रसारामुळे १९३० नंतर तो मध्यमवर्गाच्या दिवाणखान्यात आला. झेतूल्यू व्हार्गस याच्या राजवटीत (१९३०–४५) त्यास राष्ट्रीय संगीताचा दर्जा मिळू लागला. या स्थित्यंतरात कार्मेनचा वाटा मोठा आहे. तिचा आवाज फार विस्तृत पल्ल्याचा नव्हता. परंतु शब्दोच्चारांची स्वच्छता, लयीवरील हुकमत व ओळीओळीतून खेळणारा खट्याळ विनोद या गुणांमुळे तिचे गायन वैशिष्ट्यपूर्ण ठरले. मात्र ज्या समाजाने हे संगीत निर्मिले, त्या समाजातील गायिकांना तिच्याइतकी संधी लाभली नाही, ही वस्तुस्थितीही नोंदविणे आवश्यक आहे.

ब्राझीलमधील चित्रपट : ब्राझीलमध्ये बोलपटांचा आरंभ होताच निर्मात्यांनी नभोवाणीवरील लोकप्रिय गायकांना पडद्यावर आणण्यास सुरुवात केली. आदेमार गोंझागा याने १९३० मध्ये स्थापन केलेली ‘सिनेदिया’ ही चित्रपटसंस्था यात अग्रेसर होती. कार्निव्हल या वार्षिक उत्सवाच्या सुमारास प्रदर्शित होणाऱ्या या चित्रपटांचे कथानक जुजबी असे व गीते हेच त्यांचे मुख्य आकर्षण असे. कार्मेनने अशा सहा चित्रपटांत काम केले. ए व्होझ दो कार्नाव्हाल (१९३३), आलो, आलो, ब्राझील (१९३५), एस्तुदांतिस (१९३५) आणि आलो, आलो, कार्नाव्हाल (१९३६) हे त्यांपैकी उल्लेखनीय होत. एस्तुदांतिसमध्ये तिला गीतांखेरीज संवाद असलेली भूमिकाही मिळाली. आलो, आलो, कार्नाव्हालमध्ये तिने व आउरोराने पुरुषी धाटणीचे चकचकीत पोशाख परिधान करून म्हटलेले नभोवाणी-गायिकांचे गीत विशेष गाजले. यांपैकी बहुतेक चित्रपट काळाच्या ओघात नष्ट झाले असून आलो, आलो, कार्नाव्हाल हा त्यास महत्त्वाचा अपवाद आहे. परिणामी हॉलिवुडपूर्व कार्मेनच्या अभिनयाचे मूल्यमापन अल्प सामग्रीवरच करावे लागते.

बायाना वेश : बानाना दा तेर्रा (१९३९) हा कार्मेनचा अखेरचा ब्राझीलियन चित्रपट. त्यासाठी प्रथम आरी बार्रोझूची गीते योजिली होती. परंतु मोबदल्याविषयी एकमत न झाल्याने त्यांऐवजी दोरिव्हाल काइमी या तोवर फारशा परिचित नसलेल्या तरुण रचनाकाराचे एक गीत घेण्यात आले. बाईआतील स्त्रीपाशी असे काय आहे, असा प्रश्न विचारणारे हे गीत तिची वस्त्रे व अलंकार यांचे वर्णन करते. ते सादर करण्यासाठी कार्मेनने प्रथमच पडद्यावर ‘बायाना’ वेश धारण केला. बाईआची राजधानी साल्व्हादोर येथील आफ्रिकी वंशाच्या स्त्रिया रस्त्यावर खाद्यपदार्थ विकताना घेरदार घागरा, खांद्यावरील वस्त्र, डोक्याला गुंडाळलेले फडके, माळा व कंकणे असा वेश करीत. ‘कांदोंब्ले’ या आफ्रो-ब्राझीलियन पंथाच्या विधींशीही या वेशाचे नाते आहे. कार्निव्हलमध्ये व रंगमंचावर तो कार्मेनच्या आधीही वापरला जात असे. कार्मेनने मात्र त्याची स्वतःच्या कल्पनेने पुनर्रचना केली : पोटाचा भाग उघडा ठेवला, कापड तलम व चकचकीत निवडले, डोक्यावरील टोपलीचे रूपांतर लहानशा शोभिवंत शिरोभूषणात केले आणि उंची वाढविण्यासाठी जाड तळव्यांची पादत्राणे वापरली. श्रमजीवी स्त्रियांचा हा वेश अशा रीतीने रंगमंचीय आविष्कार बनला. तिच्या पुढील यशाचे व तिच्यावरील आक्षेपांचे मूळ या एका घटनेत आहे.

ब्रॉडवे : १९३९ च्या आरंभी न्यूयॉर्क येथील नाट्यनिर्माता ली शूबर्ट याने रीओच्या ‘कासीनो दा उर्का’मध्ये तिचा कार्यक्रम पाहिला व तिला अमेरिकेत येण्याचे निमंत्रण दिले. केवळ तिच्या एकटीशी करार करण्याचा त्याचा मानस होता. परंतु ब्राझीलियन वादकांवाचून सांबाची लय साधणार नाही, अशी कार्मेनची धारणा असल्यामुळे तिने ‘बांदो दा लूआ’ हा आपला वादकसंच बरोबर नेण्याचा आग्रह धरला. वादकांच्या प्रवासखर्चाची अडचण ब्राझील शासनाच्या साहाय्याने दूर झाली. मे १९३९ मध्ये ती न्यूयॉर्कला पोहोचली. द स्ट्रीट्स ऑफ पॅरिस या संगीतिकेचा प्रयोग १९ जून १९३९ रोजी ब्रॉडवेवर सुरू झाला. तीत तिचा प्रवेश सु. सहा मिनिटांचाच होता आणि पोर्तुगीज शब्द प्रेक्षकांना उमगत नव्हते. तरीही वृत्तपत्रांनी तिचीच सर्वाधिक प्रशंसा केली. लवकरच न्यूयॉर्कमधील मोठ्या दुकानांतून तिच्या धर्तीची शिरोवेष्टने व अलंकार विक्रीस आले. याच वर्षी न्यूयॉर्क येथे भरलेल्या जागतिक प्रदर्शनात लूस्यू कोस्ता व ऑस्कर नीमायर या वास्तुशिल्पज्ञांनी उभारलेले ब्राझीलचे दालन त्या देशाचे आधुनिक रूप प्रकट करीत होते. एकाच नगरात ब्राझीलची दोन चित्रे मांडली गेली होती. त्यांपैकी सामान्य अमेरिकन प्रेक्षकाच्या स्मरणात कार्मेनचे चित्र अधिक काळ टिकले.

चांगल्या शेजाऱ्याचे धोरण : कार्मेनच्या यशास राजकीय परिस्थितीचीही अनुकूलता लाभली. अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष फ्रँक्लिन रूझवेल्ट यांनी १९३३ पासून लॅटिन अमेरिकेतील राष्ट्रांविषयी ‘चांगल्या शेजाऱ्याचे धोरण’ अंगीकारले होते. दुसरे महायुद्ध सुरू झाल्यावर जर्मनीचा प्रभाव रोखण्यासाठी या राष्ट्रांची मैत्री अगत्याची ठरली. १९४० मध्ये नेल्सन रॉकफेलर याच्या नेतृत्वाखाली आंतर-अमेरिकन संबंधांसाठी एक स्वतंत्र शासकीय कार्यालय स्थापन झाले व त्याच्या चित्रपट विभागाने हॉलिवुडला लॅटिन अमेरिकी विषय व कलावंत हाताळण्यास उत्तेजन दिले. युद्धामुळे यूरोपची बाजारपेठ गमावलेल्या चित्रपटसंस्थांनाही दक्षिणेकडील प्रेक्षकांची निकड होती. अशा वेळी ‘ट्वेंटिएथ सेंच्युरी-फॉक्स’ या संस्थेने कार्मेनशी करार केला. डाउन अर्जेंटाइन वे (१९४०) हा तिचा पहिला अमेरिकन चित्रपट. ब्रॉडवेवरील करारामुळे तिला हॉलिवुडला जाता येत नव्हते, म्हणून तिच्या गीतांचे चित्रण संस्थेने न्यूयॉर्कमध्येच करून घेतले. अर्जेंटिनाच्या पार्श्वभूमीवरील या चित्रपटात तिने पोर्तुगीज भाषेतील गीते म्हटली. अर्जेंटिनातील समीक्षकांना आपल्या देशाचे हे दर्शन रुचले नाही. दक्षिण अमेरिकेतील भिन्न भाषा व संस्कृती यांची सरमिसळ करण्याची हॉलिवुडची प्रवृत्ती येथेच दिसून आली.

रीओमधील उपेक्षा : १० जुलै १९४० रोजी कार्मेन रीओला परतली, तेव्हा तिच्या स्वागतास प्रचंड जनसमुदाय लोटला होता. परंतु त्यानंतर थोड्याच दिवसांनी, १५ जुलै रोजी, ‘कासीनो दा उर्का’मध्ये राष्ट्राध्यक्षांच्या पत्नी दार्सी व्हार्गस यांच्या पुढाकाराने धर्मादाय कार्यासाठी झालेल्या कार्यक्रमात निराळाच अनुभव आला. श्रोतृवर्ग उच्चभ्रू व शासकीय वर्तुळातील होता. तिने विनोदाने इंग्रजीत अभिवादन केले आणि ब्रॉडवेवर गाजलेले अमेरिकन रचनाकारांचे गीत म्हटले. श्रोत्यांनी तिला निर्विकार स्तब्धतेने उत्तर दिले. कार्मेनने कार्यक्रम आवरता घेतला. ती परक्यांची झाली, असा या मौनाचा अर्थ होता. सुमारे दोन महिन्यांनी तिने त्याच रंगमंचावर नव्या गीतांसह पुनरागमन केले. ‘लोक म्हणतात, मी अमेरिकन बनून परतले’ अशा अर्थाच्या शीर्षकाचे, व्हिसेंती पायव्हा व लुईझ पेशोतू यांनी रचलेले गीत हे तिचे टीकाकारांना उत्तर होते. या वेळी श्रोत्यांनी तिला मनःपूर्वक दाद दिली; तथापि पहिल्या रात्रीचा सल तिच्या मनातून गेला नाही. ऑक्टोबर १९४० मध्ये ती अमेरिकेला गेली आणि त्यानंतर चौदा वर्षे मायदेशी आली नाही.

हॉलिवुडमधील कारकीर्द : कार्मेनने १९४० ते १९५३ या काळात एकूण चौदा अमेरिकन चित्रपटांत भूमिका केल्या. दॅट नाइट इन रीओ (१९४१), वीकएंड इन हॅवॅना (१९४१), स्प्रिंगटाइम इन द रॉकीज (१९४२) व द गँग्ज ऑल हिअर (१९४३) हे त्यांतील प्रमुख होत. मार्च १९४१ मध्ये हॉलिवुडच्या ‘ग्रॉमन्स चायनीज थिएटर’च्या प्रांगणात तिच्या हातांचे व पादत्राणांचे ठसे घेण्यात आले. हा मान मिळविणारी ती पहिली लॅटिन अमेरिकन कलावंत होती. १९४५ मध्ये तिचे उत्पन्न दोन लाख डॉलरांवर गेले आणि अमेरिकेतील सर्वाधिक मिळकत असलेली स्त्री अशी तिची नोंद झाली. बझ्बी बर्क्ली दिग्दर्शित द गँग्ज ऑल हिअर या रंगीत चित्रपटातील, प्रचंड आकाराची केळी घेतलेल्या नर्तिकांच्या रांगांचा व कार्मेनच्या मस्तकावरून आकाशापर्यंत वाढत जाणाऱ्या फळांचा नृत्यप्रवेश हा हॉलिवुडच्या संगीतपटांतील अत्यंत प्रसिद्ध प्रवेशांपैकी एक आहे. १९४४ मध्ये ‘युनायटेड फ्रूट’ या अमेरिकन कंपनीने केळ्यांच्या जाहिरातीसाठी निर्मिलेले ‘चिकिटा’ हे व्यंगचित्रपात्रही तिच्याच धर्तीचे होते.

या यशाबरोबर तिच्या भूमिकांचा साचा मात्र घट्ट होत गेला. शीघ्रकोपी, मत्सरी, मोडकेतोडके इंग्रजी बोलून हशा पिकविणारी व नायक-नायिकेच्या प्रेमकथेत अडथळा आणणारी नर्तिका हीच भूमिका तिला पुनःपुन्हा मिळाली. तीन वेगवेगळ्या चित्रपटांत तिच्या पात्राचे नाव ‘रोसिता’, तर एकात ‘चिकिटा’ आहे. ही नावे स्पॅनिश वळणाची होत, पोर्तुगीज नव्हेत. ब्राझील, क्यूबा वा अर्जेंटिना यांतील भेद पटकथालेखकांना महत्त्वाचा वाटत नव्हता, याचे हे बोलके उदाहरण आहे. कार्मेनचे प्रत्यक्षातील इंग्रजी पडद्यावर दाखविले जाई त्याहून पुष्कळच चांगले होते. परंतु प्रेक्षकांच्या अपेक्षेनुसार तिला चुका करीत राहावे लागे. या चौकटीतही विनोदाचे अचूक कालभान, हस्तमुद्रांची चपळता व नेत्राभिनय यांच्या बळावर तिने आपल्या प्रवेशांना स्वतंत्र तेज दिले.

उत्तरायुष्य : युद्ध संपल्यावर लॅटिन अमेरिकेविषयीचे राजनैतिक औत्सुक्य ओसरले आणि यूरोपची बाजारपेठ पुन्हा खुली झाली. फॉक्सनेही डॉल फेस (१९४५) व इफ आय अ‍ॅम लकी (१९४६) हे तिचे चित्रपट कृष्णधवल स्वरूपात, तुलनेने अल्प खर्चात काढले. या संस्थेशी संबंध संपल्यावर तिने कोपाकबाना (१९४७) या चित्रपटात ग्राउचो मार्क्सबरोबर काम केले. तीत एकच गायिका ब्राझीलियन नर्तिका व बुरखाधारी फ्रेंच गायिका अशा दोन रूपांत वावरते. साचा मोडण्याचा हा प्रयत्न पुरेसा यशस्वी झाला नाही. त्यानंतर अ डेट विथ जूडी (१९४८), नॅन्सी गोज टू रीओ (१९५०) व स्केअर्ड स्टिफ (१९५३) या चित्रपटांत तिने दुय्यम भूमिका केल्या. रात्रमंडळे व दूरचित्रवाणी यांवरील तिचे कार्यक्रम मात्र चालूच राहिले.

१७ मार्च १९४७ रोजी तिने डेव्हिड सेबॅस्टियन या अमेरिकन गृहस्थाशी विवाह केला. हा विवाह सुखावह ठरला नाही. १९४८ मध्ये तिचा गर्भपात झाला व त्यानंतर तिला अपत्य झाले नाही. रोमन कॅथलिक पंथावरील श्रद्धेमुळे तिने घटस्फोट घेतला नाही. अविश्रांत कामामुळे जागे राहण्यासाठी उत्तेजक व निद्रेसाठी शामक औषधे घेण्याची सवय जडली आणि तिची प्रकृती खालावली. नैराश्याने ग्रासल्यामुळे डिसेंबर १९५४ मध्ये ती उपचारासाठी रीओला आली. १९४० मधील तो प्रसंग विसरून रीओवासीयांनी तिचे प्रेमाने स्वागत केले. एप्रिल १९५५ मध्ये ती अमेरिकेला परतली. ४ ऑगस्ट १९५५ रोजी विनोदी नट जिमी ड्युरँट याच्या दूरचित्रवाणी कार्यक्रमाच्या चित्रीकरणात नृत्य करताना तिचा तोल जाऊन गुडघा टेकला. दम लागल्याचे सांगून तिने प्रवेश पूर्ण केला. त्याच रात्री उशिरा, ५ ऑगस्टच्या पहाटेपूर्वी, बेव्हर्ली हिल्स येथील निवासस्थानी हृदयविकाराने तिचे निधन झाले. तिचे वय ४६ वर्षांचे होते. तिचे पार्थिव १२ ऑगस्ट रोजी रीओला आणण्यात आले. अंत्ययात्रेच्या मार्गावर सु. पाच लाख लोक जमले होते, असे मानले जाते. साऊँ झोआऊँ बातिस्ता या दफनभूमीत तिचे दफन करण्यात आले.

मूल्यमापन : कार्मेनविषयीच्या मतभेदांना तीन पदर आहेत. एक, ब्राझीलमधील सुशिक्षितांना आपल्या देशाचे केळी व कंकणे यांत सामावलेले दर्शन लाजिरवाणे वाटे. दोन, कृष्णवर्णीय श्रमिक स्त्रियांचा वेश व संगीत यांवर एका गौरवर्णीय, पोर्तुगालमध्ये जन्मलेल्या गायिकेने जागतिक कीर्ती मिळविली; हे सांस्कृतिक देवाणघेवाणीचे उदाहरण की अपहाराचे, हा वाद अद्याप मिटलेला नाही. तीन, हॉलिवुडने तिला व्यंगचित्र बनविले, की तिने जाणूनबुजून अतिशयोक्तीचा आश्रय घेऊन हॉलिवुडच्याच कल्पनांची थट्टा केली, याविषयीही दुमत आहे. या आक्षेपांत तथ्य असले, तरी ज्या उच्चभ्रू श्रोतृवर्गाने १९४० मध्ये तिला मौनाने शासन केले, त्यालाही बाईआच्या श्रमिक स्त्रीबद्दल विशेष आस्था होती असे नाही. त्याची खंत परदेशी लोकांच्या डोळ्यांतील स्वतःच्या प्रतिष्ठेविषयीची होती. राष्ट्राच्या प्रतिमेचे ओझे एका कलावतीच्या शिरावर ठेवले गेले. ती प्रतिमा घडविण्यात अमेरिकन शासनाचे धोरण, चित्रपटसंस्थांचा व्यापार व ब्राझील शासनाची प्रसिद्धीची हौस या सर्वांचा वाटा असता, दोष मात्र बव्हंशी तिच्या एकटीच्या पदरी पडला.

१९६० नंतरच्या दशकात तिच्याकडे पाहण्याची दृष्टी पालटली. लष्करी राजवटीत उदयास आलेल्या ‘त्रोपिकालिया’ या कलाचळवळीने पूर्वी लाजिरवाण्या वाटणाऱ्या प्रतीकांचा उपरोधाने व आत्मीयतेने स्वीकार केला. कायेतानू व्हेलोझू याने १९६८ मध्ये या चळवळीच्याच नावाचे गीत रचून त्याच्या अखेरीस कार्मेन मीरांदाचे नाव गुंफले. ‘बांदो दा लूआ’चा प्रमुख आलोईझ्यू दी ओलिव्हेरा याने ध्वनिमुद्रिका-निर्माता या नात्याने बोसा नोव्हा संगीताच्या प्रसारास मोठा हातभार लावला. रीओ येथे १९७६ मध्ये कार्मेन मीरांदा संग्रहालय सुरू झाले व त्यात तिची वस्त्रे, शिरोवेष्टने, पादत्राणे आणि अलंकार जतन करण्यात आले. एलेना सोल्बेर्ग हिचा बनानाज इज माय बिझनेस (१९९५) हा अनुबोधपट आणि रुई कास्त्रू याने लिहिलेले विस्तृत चरित्र (२००५) यांमुळे तिच्या जीवनाचे अधिक समतोल आकलन शक्य झाले. जगाने तिला चौदा अमेरिकन चित्रपटांवरून ओळखले. परंतु तिच्या कलेचा खरा ठेवा ब्राझीलमध्ये ध्वनिमुद्रित झालेल्या सु. २८० गीतांत आहे. त्यांत शिरोवेष्टन दिसत नाही. केवळ एका कुशल गायिकेचा आवाज ऐकू येतो.